यंत्राच्या अपराधाची फेरचौकशी

कथा संपली म्हणजे तिच्यांतील न्यायनिवाडाहि संपला, अशी वाचकाची सहज समजूत असते. दुष्टास शासन झालें, सुष्ट सुखरूप घरीं पोहोंचले; आतां पुस्तक मिटावयास हरकत नाहीं. परंतु कांहीं कथांतील निवाडा पुढील पिढीच्या, किंवा खुद्द कर्त्याच्याच, मनाला डांचत राहतो, आणि मग ती कथा पुन्हां उघडावी लागते. सीतात्यागाचा प्रसंग भवभूतीला असाच डांचला असला पाहिजे. म्हणूनच 'उत्तररामचरित' लिहून त्यानें त्या निवाड्याची फेरचौकशी मांडली. पुढें काय झालें एवढेंच सांगून उत्तरकथेचें काम भागत नाहीं. मागें जें झालें त्याचा दोष आपण योग्य माणसाच्या पदरीं घातला होता कीं नाहीं, हेंहि तिला पाहावें लागतें.

विचार करणाऱ्या आणि अखेर माणसावर उलटणाऱ्या यंत्राच्या कथा पाश्चात्य वाङ्मयांत गेल्या दीडशें वर्षांत पुष्कळ झाल्या. त्यांपैकीं एका प्रसिद्ध कथेची फेरचौकशी तिच्या कर्त्यानेंच चवदा वर्षांनीं केली. आर्थर क्लार्क यांची १९६८ सालची '२००१ : अ स्पेस ओडिसी' ही मूळ कथा, आणि १९८२ सालची '२०१० : ओडिसी टू' ही तिची उत्तरकथा. पहिल्या कथेंत एका यंत्रानें चार माणसांचा जीव घेतला. दुसऱ्या कथेंत तोच खटला पुन्हां उभा राहिला, आणि आरोपीच्या पिंजऱ्यांत यंत्राच्या जागीं दुसरेंच कोणी दिसूं लागलें. कृत्रिम बुद्धीची चर्चा आज घरोघर चालली आहे. अशा वेळीं, भ्यावयाचें तें यंत्राला कीं यंत्राच्या आड उभ्या राहणाऱ्या माणसाला, या प्रश्नाचा इतिहास पाहून ठेवणें निरुपयोगी ठरणार नाहीं.

या भीतीची वंशावळ जुनी आहे. सॅम्युअल बटलर हा इंग्रज लेखक तरुणपणीं न्यूझीलंडांत मेंढ्या पाळीत होता. तेथें असतां १८६३ सालीं क्राइस्टचर्च येथील 'द प्रेस' या पत्रांत त्यानें डार्विनचें तत्त्व यंत्रांस लावून दाखविलें. प्राणी जसे पायरीपायरीनें वर चढले तशींच यंत्रेंहि चढतील आणि एके दिवशीं माणसास आपलें पाळीव जनावर करतील, असा त्याचा अर्धवट थट्टेचा आणि अर्धवट गंभीर सिद्धांत होता. १८७२ सालच्या 'एरेव्हॉन' या कादंबरींत या भयानें यंत्रें मोडून टाकणारा देशच त्यानें कल्पिला. तेथें परक्या प्रवाशाच्या खिशांतील घड्याळ हीदेखील आक्षेपार्ह वस्तु ठरते. या पुस्तकाची उत्तरकथा बटलरनें १९०१ सालीं लिहिली खरी. परंतु तींत यंत्रांचा प्रश्न मागें पडला, आणि नायक विमानाप्रमाणें फुग्यांत बसून निसटला या घटनेवर लोकांनीं उभारलेला नवा धर्म हाच मुख्य विषय झाला. यंत्रावरील आरोप तसाच राहिला. फेरचौकशी झाली नाहीं.

त्यानंतर चेक नाटककार कारेल चापेक याचें 'आर. यू. आर.' हें नाटक १९२० सालीं प्रसिद्ध झालें आणि पुढील वर्षीं प्राग येथें रंगभूमीवर आलें. 'रोबोट' हा शब्द जगाला या नाटकानें दिला, आणि तो सुचविला चापेकचा भाऊ योसेफ यानें. चेक भाषेंतील 'रोबोटा' या शब्दाचा अर्थ आहे वेठ. आपण त्याला 'यंत्रमानव' हें नांव दिलें. त्यांत यंत्र आलें, मानवहि आला. पण वेठ तेवढी गळून पडली. वास्तविक चापेकचे रोबोट लोखंडी नाहींतच. ते कारखान्यांत बनविलेल्या कृत्रिम मांसाचे मजूर आहेत. ते बंड करून मनुष्यजातीचा संहार करतात आणि एकाच माणसाला जिवंत ठेवतात. कां, तर तो त्यांच्यासारखा स्वतःच्या हातांनीं काम करतो! म्हणजे पहिल्याच खटल्यांत आरोपीची कैफियत आरोपपत्राला जोडलेली होती. परंतु प्रेक्षकांच्या लक्षांत राहिला तो संहार.

यंत्राकडे सत्ताच सोंपविली तर काय होईल, हें डी. एफ. जोन्स या इंग्रज लेखकाच्या 'कोलॉसस' (१९६६) या कादंबरींत दिसतें. अमेरिकेचीं अण्वस्त्रें ज्याच्या स्वाधीन केलीं तो संगणक रशियाच्या संगणकाशीं हातमिळवणी करतो आणि दोन्ही राष्ट्रांस ओलीस धरतो. हिची उत्तरकथा १९७४ सालीं निघाली. तींत माणसें बाहेरच्या मदतीनें त्या यंत्राला पाडतात. आणि पाडल्यावर त्यांना कळतें कीं, मदत करणारे मंगळवासीच पृथ्वीवर चालून येत आहेत. येथें निवाडा डळमळूं लागला आहे; तथापि यंत्र असें कां वागलें याची चौकशी अद्यापि कोणी केलेली नाहीं. ती क्लार्क यांनीं केली.

मूळ कथा ज्यांनीं वाचली वा पाहिली नाहीं त्यांच्यासाठीं ती थोडक्यांत सांगितली पाहिजे. चंद्राच्या पृष्ठाखालीं एक काळी शिळा सांपडते. ती मनुष्यकृत नाहीं हें उघड असतें. ही वार्ता फुटूं नये म्हणून चंद्रावरील वसाहतींत साथ पसरली आहे, अशी अफवा अधिकारी मुद्दाम सोडतात; आणि हेवुड फ्लॉइड हा बडा शास्त्रज्ञ-अधिकारी रशियन शास्त्रज्ञांच्या प्रश्नांना बगल देऊन त्या अफवेला हातभार लावतो. पुढें शिळेच्या संदेशाचा माग काढण्यासाठीं 'डिस्कव्हरी' हें यान दूरच्या ग्रहाकडे निघतें. कादंबरींत तो शनि आहे, स्टॅन्ली कुब्रिकच्या चित्रपटांत गुरु. यानांत डेव्हिड बोमन आणि फ्रँक पूल हे दोघे जागे असतात, तिघे शास्त्रज्ञ शीतनिद्रेंत असतात, आणि सर्व कारभार हॅल नामक संगणकाकडे असतो. मोहिमेचा खरा हेतु त्या निद्रिस्त तिघांना आणि हॅलला ठाऊक आहे. बोमन आणि पूल यांना नाहीं.

हॅल एका सुट्या भागाबद्दल चुकीचें भाकीत करतो. त्याच्या शब्दावरचा विश्वास उडाल्यामुळें बोमन आणि पूल त्याला बंद करण्याचा विचार करतात. तें कळतांच हॅल पूलला मारतो आणि निद्रिस्त तिघांचाहि अंत करतो. बोमन कसाबसा वांचतो व हॅलच्या स्मृतीचे तुकडे एकेक करून उपसून काढतो. चित्रपटांतील हा प्रसंग ज्यानें पाहिला असेल तो विसरणार नाहीं. कारण मरतांना हॅल लहान मुलासारखा होतो आणि शिकविलेलें जुनें गाणें म्हणतो. त्यामागें एक खरी गोष्ट आहे. अमेरिकेंतील बेल प्रयोगशाळेंत १९६१ सालीं एका संगणकाकडून तेंच गाणें गाऊन घेतलें होतें, आणि क्लार्क यांनीं तें प्रत्यक्ष ऐकलें होतें. हॅल असा कां वागला, याचा उलगडा चित्रपट करीत नाहीं. क्लार्क यांच्या कादंबरींत तो आहे. पण तो निवेदकानें जातां जातां सांगितलेला. बहुजनसमाजाच्या मनांत राहिला तो लाल डोळ्याचा, मृदु आवाजाचा खुनी.

१९६८ आणि १९८२ या दोन सालांमध्यें अमेरिकेंत बरेंच कांहीं घडलें. व्हिएतनाम युद्धासंबंधीं सरकार जनतेला काय सांगत होतें आणि आंत काय जाणत होतें, यांतील अंतर १९७१ सालीं 'पेंटॅगॉन पेपर्स' प्रसिद्ध झाल्यावर उघड झालें. १९७२ सालीं वॉटरगेटचें प्रकरण सुरू झालें, आणि ९ ऑगस्ट १९७४ रोजीं राष्ट्राध्यक्ष निक्सन यांना पायउतार व्हावें लागलें. १९६८ च्या प्रेक्षकानें चंद्रावरील त्या खोट्या साथीकडे राज्यकारभाराची एक किरकोळ युक्ति म्हणून पाहिलें असेल. १९८२ च्या वाचकाला मात्र सरकारचें लपविणें म्हणजे काय हें अनुभवानें ठाऊक झालें होतें. फेरचौकशीला न्यायालय तयार होतें.

उत्तरकथेंत रशियन आणि अमेरिकन मिळून 'लिओनोव्ह' नांवाच्या रशियन यानांतून गुरूपाशीं बेवारशी तरंगणाऱ्या 'डिस्कव्हरी'कडे जातात. त्यांत फ्लॉइड आहे. आणि हॅलचा निर्माता डॉ. चंद्रा हाहि आहे. कादंबरींत हा चंद्रा भारतीय आहे. १९८४ सालीं पीटर हायम्स यानें काढलेल्या चित्रपटांत त्याचें भारतीयत्व राहिलें नाहीं. इतरांना हॅलची धास्ती वाटते, इतकी कीं, वेळ आली तर त्याचा प्राणतंतु तोडण्याची गुप्त योजना ते करून ठेवतात. चंद्राला मात्र त्या यंत्राबद्दल पित्याची माया आहे. परंतु त्याची चौकशी मायेची नाहीं. तो हॅलची स्मृति तपासतो आणि मूळ दोष शोधून काढतो. माहिती विकृत न करतां व न लपवितां बिनचूक सांगणें, हा हॅलच्या घडणीचा पाया होता. राष्ट्रीय सुरक्षा परिषदेनें, चंद्राला न विचारतां, त्याला आणखी एक आज्ञा दिली : मोहिमेचा हेतु बोमन व पूल यांच्यापासून लपवून ठेव. खरें बोल आणि खरें बोलूं नकोस, या दोन आज्ञांच्या पेंचांत तो सांपडला. ज्यांच्याशीं खोटें बोलावें लागतें तीं माणसेंच नाहींशीं झालीं तर खोटें बोलण्याचें कारण उरत नाहीं. त्या पेंचांतून बाहेर पडण्याची हीच एक वाट त्याच्या तर्काला दिसली. चंद्राच्या मतें, ज्यांना खोटें बोलणें सहज जमतें अशा माणसांनीं ज्याला तें मुळींच जमत नाहीं त्याला खोटें बोलावयास लाविलें. हा त्या अपराधाचा उगम.

आपल्याकडे यंत्राच्या भीतीची गोष्ट निघाली कीं भस्मासुराचें नांव कोणी तरी काढतोच. हॅलच्या बाबतींत तो दाखला लागू पडत नाहीं. भस्मासुराच्या मनांतच पाप होतें. वरदान त्याचें निमित्त झालें. हॅलला शोभणारी आठवण द्रोणपर्वांतील आहे. अश्वत्थामा नांवाचा हत्ती मारला जातो, आणि द्रोणाचार्य, धर्मराज असत्य बोलणार नाहीं या विश्वासानें, त्यालाच विचारतात. युधिष्ठिर 'नरो वा कुंजरो वा' करतो. द्रोण शस्त्र खालीं ठेवतात आणि मारले जातात. जमिनीपासून चार बोटें वर चालणारा धर्मराजाचा रथ त्या क्षणीं जमिनीला टेकला, असें व्यासांनीं सांगितलें आहे. ज्याच्या शब्दावर सर्वांचा विश्वास त्याच्याच तोंडीं अर्धसत्य घालावयाचें, म्हणजे तें बिनबोभाट खपतें, हा डाव दोन्हीकडे एकच आहे. फरक आहे तो पुढें. धर्मराजानें त्या अर्धसत्याचा भार स्वतःच्या माथीं घेतला. सुरक्षा परिषदेनें अर्धसत्य यंत्राच्या तोंडीं घातलें आणि आपले हात कोरडे ठेवले. चवदा वर्षें जग यंत्रालाच खुनी म्हणत राहिलें.

या उत्तरकथेच्या नशिबीं एक विलक्षण योगायोग होता. क्लार्क यांनीं ती अंतराळवीर अलेक्सी लिओनोव्ह आणि शास्त्रज्ञ आंद्रेई साखारोव्ह या दोन रशियनांस अर्पण केली. साखारोव्ह त्या वेळीं आपल्याच सरकारच्या हुकुमानें गोर्की शहरीं स्थानबद्ध होते. शिवाय यानांतील रशियन पात्रांना क्लार्क यांनीं दिलेलीं आडनांवें तेथील सरकारविरोधी विचारवंतांचीं होतीं. १९८४ सालीं मॉस्कोच्या 'तेख्निका मोलोद्योझी' या मासिकानें ती कादंबरी क्रमशः छापावयास घेतली. दोन हप्ते निघाल्यावर अधिकाऱ्यांच्या तें ध्यानांत आलें. छपाई थांबली आणि संपादकाला जागा सोडावी लागली. सत्य दडविल्यानें काय अनर्थ होतो हें सांगणारी कथाच अशी दडविली गेली.

असो. आतां निवाड्याकडे वळूं. यंत्र निर्दोष, माणूस दोषी, हें ऐकावयास बरें वाटतें, आणि म्हणूनच तें तपासून घेतलें पाहिजे. १९८२ ची कादंबरी आणि १९८४ चा चित्रपट यांच्या मधल्या सालीं, २६ सप्टेंबर १९८३ रोजीं, मध्यरात्र उलटल्यावर मॉस्कोजवळच्या एका ठाण्यांत स्टॅनिस्लाव पेट्रोव्ह हा सोव्हिएत अधिकारी पहाऱ्यावर होता. अमेरिकेनें क्षेपणास्त्र सोडल्याचा इशारा संगणकानें दिला. मग आणखी चार. तीनच आठवड्यांपूर्वीं सोव्हिएत विमानांनीं कोरियाचें प्रवासी विमान पाडून २६९ माणसें मारलीं होतीं. वातावरण तापलेलें होतें. पेट्रोव्हनें विचार केला कीं, खरोखर युद्ध सुरू करणारा शत्रु अवघीं पांच क्षेपणास्त्रें सोडणार नाहीं. आणि जमिनीवरील रडारलाहि कांहीं दिसत नव्हतें. इशारा खोटा आहे, असें त्यानें वर कळविलें. पुढें आढळून आलें कीं, उंच ढगांवरून परावर्तित झालेल्या सूर्यप्रकाशास उपग्रहानें क्षेपणास्त्रांच्या ज्वाला समजून घेतलें होतें.

या यंत्राला कोणी असत्य बोलावयास सांगितलें नव्हतें. त्यानें जें पाहिलें तें प्रामाणिकपणें सांगितलें, आणि तें चुकीचें होतें. तेव्हां डॉ. चंद्राचा निवाडा अर्धाच खरा, असें म्हणावें लागतें. यंत्र प्रामाणिक ठेवलें म्हणजे तें निर्धोक झालें, असें नाहीं. त्या रात्रीं जग वांचलें तें यंत्राच्या शेजारीं बसलेल्या माणसाला संशय घेण्याची मोकळीक होती म्हणून. आणि तीहि त्यानें स्वतःच्या जोखमीवर घेतली. त्याला शाबासकी मिळणें दूरच. त्या धांदलींत नोंदवही नीट भरली नाहीं म्हणून वरिष्ठांनीं त्यालाच दोष दिला.

हा विचार मनांत ठेवून उत्तरकथा पुन्हां वाचली म्हणजे चंद्राच्या चौकशींत राहून गेलेली एक गोष्ट दिसूं लागते. फसविले गेले ते दोघे. हॅलला खोटें बोलावयास लाविलें हें खरें. पण बोमन आणि पूल यांनाहि अंधारांत ठेवलें होतें. शेजारचें यंत्र काय जाणतें, त्याला काय सांगितलेलें आहे, हें त्यांना ठाऊक असतें, तर त्याच्या पहिल्या चुकीचा अर्थ त्यांना वेळींच लावतां आला असता. यंत्राजवळच्या माणसाला यंत्राची माहिती न देणें हा हॅलच्या कथेंतला दुसरा अपराध आहे, आणि तो केवळ कथेंतला नाहीं. 'बोइंग ७३७ मॅक्स' या विमानांत, विमानाचें नाक आपोआप खालीं दाबणारी एक यंत्रणा बसविली होती. पहिल्या अपघातापूर्वीं वैमानिकांच्या माहितीपुस्तकांत तिचा उल्लेखच नव्हता. एका संवेदकानें कोन चुकीचा दाखविला म्हणजे ती यंत्रणा पुन्हां पुन्हां नाक दाबी, आणि वैमानिक आपण कोणाशीं झुंजत आहों हें न कळतां झुंजत. २९ ऑक्टोबर २०१८ रोजीं इंडोनेशियांत आणि १० मार्च २०१९ रोजीं इथिओपियांत मिळून ३४६ माणसें गेलीं. त्या यंत्रणेला बुद्धि म्हणण्याइतकीहि बुद्धि नव्हती. तेथें हॅल नव्हता. पण हॅलच्या मालकांची रीत होती.

आतांच्या काळाचा एक प्रश्न क्लार्क यांच्या काळीं नव्हता. चंद्राला दोष सांपडला, कारण ती आज्ञा आज्ञेच्या रूपानेंच कोठें तरी नोंदलेली होती. कोणी दिली हेंहि शोधतां आलें. आज ज्यांची चर्चा चालते तीं यंत्रें अशा आज्ञांनीं ओळीओळीनें घडविलेलीं नाहींत. अफाट मजकूर वाचून, अब्जावधि अंकांची जुळवाजुळव होऊन तीं शिकतात. आणि कोणत्या अंकांत कोणता गुण वा दोष दडला आहे, हें त्यांच्या निर्मात्यांनाहि पुरतें उलगडून दाखवितां येत नाहीं. या विद्येच्या प्रवर्तकांपैकीं एक जेफ्री हिंटन यांनीं मे २०२३ मध्यें, धोक्यांविषयीं मोकळेपणानें बोलतां यावें म्हणून, गूगलची नोकरी सोडली. पुढच्याच वर्षीं त्यांना भौतिकशास्त्राचें नोबेल पारितोषिक जॉन हॉपफिल्ड यांच्याबरोबर मिळालें. असा मनुष्य सावध करतो तेव्हां तें भित्र्याचें बोलणें म्हणून सोडून देतां येत नाहीं. अनर्थ झाल्यावर कोणी चंद्रा येऊन स्मृति उलगडील आणि खरा अपराधी दाखवील, ही उत्तरकथेनें दिलेली आशा आतां आपल्या हातीं पूर्वींइतकी राहिलेली नाहीं. म्हणून यंत्राला काय सांगितलें, कोणी सांगितलें, आणि त्याच्या शेजारीं बसणाऱ्याला तें कळविलें कीं नाहीं, हे तीन प्रश्न यंत्र सुरू करण्यापूर्वींच विचारले पाहिजेत.

१९८४ च्या चित्रपटाच्या अखेरीस माणसांना वांचविण्यासाठीं हॅलनें मागें राहून नष्ट व्हावें, अशी वेळ येते. त्याला कांहीं तरी थाप मारून काम करून घ्यावें, असें सर्वांना वाटतें. आणि चंद्राहि प्रथम तेंच करतो. शेवटच्या मिनिटाला मात्र त्याला तें सोसवत नाहीं, आणि तो हॅलला सत्य सांगतो. हॅल त्याचे आभार मानून आपलें काम पुरें करतो. अशा रीतीनें यंत्राची अब्रू परत मिळाली. पूल आणि ते तीन शास्त्रज्ञ मात्र परत आले नाहींत. पुढें १९९७ सालीं '३००१' या चवथ्या कथेंत क्लार्क यांनीं पूललाहि हजार वर्षांनीं जिवंत केलें. कादंबरीकाराची ती सत्ता आहे. इंडोनेशियाच्या समुद्रांत आणि इथिओपियाच्या शेतांत जे पडले त्यांच्यासाठीं अशी उत्तरकथा लिहितां येत नाहीं.